वायरलेसवरचं ‘ठीक’

माझा मुलगा सोमवारी पुन्हा टॉवरवर चढणार आहे, आणि आज त्याला घरातला बल्ब बदलता आला नाही. हे डोक्यातून जाता जात नाही.

नऊ वर्षं तो विजेच्या मोठ्या तारा ओढणाऱ्या टोळीत आहे. चढताना खाली बघत नाही म्हणून टोळीत त्याला ‘खार’ म्हणतात. या खेपेला सलग आठ महिने डोंगरमाथ्यावर होता. पत्र्याची खोली, डब्यातलं अन्न आणि रात्रंदिवस वारा. परतला तेव्हा कमरेच्या पट्ट्याला तीन नवी भोकं पाडलेली होती. डॉक्टरीणबाईंनी सहा आठवडे सांगितले: भरपूर झोप, ताजं जेवण, सपाट रस्त्यावर फिरणं. “शरीर आधी सावरेल, मन मागून येईल. त्याला ओढू नका.”

आता कुठे तिसरा आठवडा. ह्यांचं आपलं चालूच: “आमच्या वेळी मनाबिनाचे लाड नव्हते.”

“तुमच्या वेळी तुम्ही टेबलाच्या वर कधी चढला होतात?” मी म्हटलं. हे कारकून म्हणून निवृत्त झाले. दोन दिवस अबोला धरला. घर तेवढंच शांत झालं.

मुलाला काहीही विचारा. झोप लागली? ठीक. पाठ दुखते? ठीक. गुरुवारी मुकादमाचा फोन आला तेव्हा तो फिरायला गेला होता.

“काय ताई, काय म्हणते आमची खार?”

“ठीक म्हणतोय.”

“झालं तर मग! सोमवारी गाडी पाठवतो.”

मी ‘अहो, डॉक्टर’ म्हणेपर्यंत त्याने फोन ठेवलाही होता. मुलाला निरोप सांगितला. तो म्हणाला, “ठीक.”

आज संध्याकाळी बैठकीतला बल्ब गेला. धाकटी म्हणाली, “दादा, तूच लाव. तू काय, ढगात चढणारा माणूस!” तो स्टुलावर चढला. दोन फूट उंची. उजवा हात कमरेशी गेला आणि चाचपत राहिला. तिथे टॉवरवरचा सुरक्षेचा हुक नव्हता. चेहरा पांढराफटक पडला, बल्ब सुटला, आणि तो स्टुलावरच मटकन खाली बसला.

“खार पडली!” धाकटी हसली आणि लगेच त्याच्याजवळ धावली. मग चिडूनच म्हणाली, “मग दिवसभर ठीक ठीक काय करत असतोस?”

त्याने घाम पुसत सांगितलं. दर अर्ध्या तासाला वायरलेसवर खालून हाक येते. वरच्याने एकच शब्द बोलायचा, ठीक. म्हणजे माझा हुक अडकवलेला आहे. बाकी माणसाचं काय चाललंय ते कुणी विचारत नाही. दुसरं काही बोललं तर भोंगा वाजतो, बाराच्या बारा जण खाली उतरतात, दिवस वाया जातो, आणि रात्री जेवताना कुणी तुमच्याकडे बघत नाही.

“तोंडाला सवय लागलीय गं. पण मुकादमाला कुणी सांगितलं मी ठीक आहे म्हणून?”

मी काचा गोळा करत होते. “मी.”

तो ओरडला असता तर बरं झालं असतं. “मग आता जावंच लागेल,” एवढंच म्हणाला. “आता नाही म्हटलं तर वर्षभर ऐकवतील, खार आईच्या पदराआड लपली.”

बत्तीस वर्षांचा घोडा, नाही म्हणायला जीभ रेटत नाही. त्याचा राग येतो. त्या मुकादमाचा त्याहून येतो. आणि सगळ्यात जास्त माझा. चार पुस्तकं शिकलेली बाई मी, अर्थ न विचारता एक शब्द इकडून तिकडे पोचवला.

त्याची बॅग भरून दाराशी ठेवलेली आहे. मुकादमाचा नंबर फ्रिजवर चिकटवलाय. “कधीही फोन करा, अपरात्रीसुद्धा,” असं तोच म्हणाला होता. टोळी हसेल. मुलगा कदाचित महिनाभर माझ्याशी बोलणार नाही. न बोलू दे. न बोलणारा मुलगा मला चालेल. पावणेदोन वाजलेत, मुकादमाची झोप मोडेल. मोडू दे. आत्ताच लावते.