माजिदाची किनार

माजिदा चादरींची नक्षी काढायची. सुरुवातीची बारा वर्षं तिनं चौकटीच्या कागदावर पेन्सिलीनं काढली, मग कॉम्प्युटर आला तशी पडद्यावर. एकेक चौकोन म्हणजे मागावरचा एकेक धागा. एक चौकोन चुकला की हजार चादरींत तीच चूक उमटणार, म्हणून तिची नजर इतकी बारीक झाली होती की बाजारात भाजी घेतानाही समोरच्या बाईच्या पदरातला तुटका धागा तिला आधी दिसायचा.

सोलापुरात अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत मल्लप्पांचा चादरींचा कारखाना होता. तिथं ती एकोणीस वर्षं होती. २०१९ साली तिची चार डिझाईनं लागोपाठ दुसऱ्याच्या मागावरून बाजारात आली. मल्लप्पांची चादर पोहोचायच्या आत तीच नक्षी नवी पेठेतल्या दुकानांत लटकलेली. पाचव्या वेळी मल्लप्पांनी पाळी बदलायच्या वेळेला, सकाळचे निघालेले आणि दुपारचे आलेले सगळे कामगार उभे असताना, तिला शेडच्या मधोमध बोलावलं.

"नक्षी काढणारी तू एकटी. ती बाहेर जाती तर कोण नेतंय, सांग की."

ती म्हणाली, मला माहीत नाही. तिची पिशवी सगळ्यांदेखत उलटी केली गेली. डबा, रुमाल, चष्म्याचं घर, एवढंच निघालं. तरी मल्लप्पा म्हणाले, उद्यापासून येऊ नकोस. चाळीस जण बघत होते. कोपऱ्यात सगळ्या कारखान्यांचे कॉम्प्युटर दुरुस्त करणारा गुरप्पा नव्या प्रिंटरची वायर गुंडाळत बसला होता. त्यानं एकदाही मान वर केली नाही, हे तिच्या लक्षात राहिलं. तेव्हा तिला वाटलं होतं की बिचारा लाजला असेल.

त्यानंतर तीन वर्षं तिला कुणी कामावर घेतलं नाही. एमआयडीसीत बातमी पसरायला दुपार पुरते. ती घरी ब्लाउज शिवत राहिली आणि मनात मात्र एकच गोष्ट शिवत राहिली: ज्यानं हे केलं त्याला एक दिवस सगळ्यांसमोर असंच उभं करायचं. नवरा म्हणायचा, सोडून दे. ती मान डोलवायची आणि सोडायची नाही.

मग तिला बजाबाईंनी बोलावलं. माढ्याकडची बाई, नवऱ्यामागे सहा माग चालवत होती. लोकांचं त्यांनी ऐकलं होतं, पण त्या म्हणाल्या, "लोकं काय बी म्हंत्यात. तुजा हात चांगला हाय. ये तू." माजिदानं त्यांच्यासाठी डाळिंबाच्या फुलांचं डिझाईन काढलं. तिचं स्वतःचं माहेर डाळिंबाच्या सांगोल्याचं, ती फुलं तिला न बघता काढता येत होती. सहा आठवडे ती त्यावर खपली. आणि आपली चादर मागावरून उतरायच्या आठ दिवस आधी तीच फुलं, त्याच वळणाच्या पाकळ्या, नवी पेठेत एका दुकानाच्या दारात वाऱ्यावर हलताना दिसली.

ती तिथंच पायरीवर बसली. मग जाऊन बजाबाईंना सांगितलं. पण बजाबाईंनी पिशवी तपासली नाही. त्या फक्त म्हणाल्या, "कुटनं गेली, त्ये शोध."

शोधायचं कुठं? तिनं आधी माणसं आठवली, मग मशीन आठवलं. बजाबाईंचा कॉम्प्युटर अलीकडे फार रडायचा. रेघ ओढली की ती दोन क्षणांनी उमटायची. पंखा पिठाच्या गिरणीसारखा घोंघावायचा. गुरप्पा येऊन बघून गेला होता. मशीन जुनं झालंय, नवीन घ्या, एवढंच बोलला. आणि अचानक तिला आठवलं, मल्लप्पांकडचाही कॉम्प्युटर शेवटच्या वर्षी असाच रडायचा. तिथंही गुरप्पाच यायचा. तिथंही तो हेच म्हणाला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं कॉम्प्युटर चालू केला आणि नक्षी उघडलीच नाही. सगळे प्रोग्राम बंद ठेवले. तरी पंखा ओरडत होता. म्हणजे तिनं न उघडलेलं काहीतरी आत चालू होतं. तिनं टास्क मॅनेजर उघडला. कॉम्प्युटरच्या आत त्या घडीला काय काय चालू आहे त्याची ती यादी. भली मोठी होती. बरीचशी नावं विंडोजची स्वतःची, पडद्यामागं मुकाट काम करणारी; एक नाव तर वीस-पंचवीस वेळा आलेलं. गुरप्पानं एकदा सांगितलं होतं, त्यांना हात लावायचा नाही, मशीन बसेल.

माजिदानं हात लावला नाही. ती नुसती वाचत गेली, वरून खाली, चौकोन मोजावेत तशी. त्या वीस-पंचवीस सारख्या ओळींपैकी एकीत तिची नजर अडली. इंग्रजी ओ अक्षर बाकीच्या ओळींत गोल होतं, हिच्यात जरा उभट. तिनं चष्मा पुसला. तो ओ नव्हता, शून्य होतं.

तिनं त्या ओळीवर क्लिक करून ती फाइल कुठं ठेवलीय ते उघडलं. बाकीच्या सगळ्या विंडोजच्या घरात राहत होत्या. ही प्रिंटरच्या नावाच्या एका फोल्डरात होती. बंद केली तर पंखा शांत झाला, रेघ हाताबरोबर धावू लागली. मिनिटभरानं ती आपोआप पुन्हा चालू झाली. म्हणजे कुणीतरी तिला उठवत होतं. ठरावीक वेळेला आपोआप चालणाऱ्या कामांची यादी तिनं काढली. त्यात 'प्रिंटर अपडेट' नावाचं एक काम दर मिनिटाला लावलेलं होतं. लावल्याची तारीख बघितली आणि बजाबाईंची हिशेबाची वही काढली. त्याच दिवशी गुरप्पा 'सफाई' करायला आला होता.

आता एकच पाहायचं राहिलं. तिनं एक वेडंवाकडं चित्र काढून नक्षीच्या फोल्डरात सेव्ह केलं आणि त्या ओळीकडं बघत बसली. इंटरनेटचा आकडा उसळला, थोडा वेळ वर राहिला आणि पडला. पुन्हा एक चित्र, पुन्हा तेच. तो प्रोग्राम दर मिनिटाला सगळं फोल्डर चाळत होता, नवीन सापडलं की बाहेर पाठवत होता. म्हणून मशीन दमत होतं.

बजाबाई शेजारी उभ्या होत्या. "काढून टाक की मग त्ये."

"नको, मावशी. आत्ता काढलं तर तो म्हणेल, हिनंच बसवलं होतं. माझं कोण ऐकणार?" तिचा आवाज अगदी थंड होता. "राहू दे त्याला आत. मी त्याला खायला घालते."

त्या दिवसापासून खरी नक्षी ती भाच्याकडून मागून आणलेल्या लॅपटॉपवर काढू लागली. या मशीनवर मात्र एक वेगळीच चादर तयार होत होती. मधे कमळं, भोवती वेल, सणाला हातोहात जाईल अशी. आयुष्यात तिनं इतकी देखणी चादर काढली नव्हती. किनारीला तिनं तीन आठवडे लावले.

नमुना एकदाच काढायचा असतो. माग तो एकाखाली एक जोडत जातो. माजिदानं किनारीसाठी दोन शब्द लिहिले आणि त्यांची अक्षरं आडवी कापली. वरचा अर्धा भाग नमुन्याच्या तळाला ठेवला, खालचा अर्धा माथ्याला. शिरोरेषेची डहाळी केली, काना-मात्रांची पानं केली. पडद्यावर कितीही बघा, वेलच दिसणार. दोन नमुने एकाखाली एक विणले की मात्र अर्ध्याला अर्धं मिळणार आणि किनारभर ओळ उमटणार. बजाबाईंनी कागदावर जोडून पाहिलं.

"ज्याच्या मागावर ह्ये चडंल, त्याचा माल अडकंल, त्याची माणसं दोन-चार दिस बसून ऱ्हातील, माजिदा."

"राहतील," ती म्हणाली. "मी तीन वर्षं बसले."

तिनं सेव्ह केलं. आकडा उसळला, पडला.

दिवाळीच्या आधी तीन आठवडे ती चादर आली. टेंभुर्णीजवळ नवी शेड टाकलेल्या दिग्विजय नावाच्या कारखानदारानं घाईघाईत विणली होती. विणणाऱ्यांना मागावर चादरीची पाठ दिसत होती, अक्षरं उलटी. आणि धडधडत्या मागासमोर किनार वाचत कोण बसतं? गठ्ठे बांधून नवी पेठेत पोहोचले. दुकानदारानं पहिली चादर गिऱ्हाइकासमोर झटकून पसरली. घेणारी बाई किनारीवरून बोट फिरवत म्हणाली, "हे काय लिहिलंय? 'गुरप्पा चोर'?"

दुपारपर्यंत सगळ्या पेठेनं ते वाचलं. संध्याकाळी दिग्विजय टेंभुर्णीहून गाडी घेऊन आला आणि थेट गुरप्पाच्या दुकानात शिरला. शेजारच्या दुकानदारांसमोर तो ओरडत होता, हे डिझाईन तूच पाठवलंस, आधीचीही तूच दिलीस, आता ही घाण कोण विकत घेणार? कुणी त्याला काही विचारलंच नव्हतं. रागाच्या भरात त्यानं सगळं आपणच सांगून टाकलं. माजिदा समोरच्या शिवणसामानाच्या दुकानात उभी राहून ऐकत होती. दोऱ्याची रिळं निवडत तिनं शेवटपर्यंत ऐकलं.

दोन दिवसांनी गुरप्पा बजाबाईंच्या शेडवर आला. त्याची सगळी कामं सुटली होती. ज्यानं त्यानं आपापला कॉम्प्युटर उघडून बघितला होता.

"माजिदाआपा, इतकं करायचं न्हवतं," तो म्हणाला. "मला एकदा बोलला असता तर मी काढून टाकलं असतं. आता मला सोलापुरात कुणी दारात उभं करत न्हाय."

"माझी पिशवी उलटी केली तेव्हा तू कोपऱ्यात वायर गुंडाळत होतास," माजिदा म्हणाली. "तेव्हा तू एकदा बोलला असतास तर?"

तिनं त्याला बस म्हटलं नाही, पाणी विचारलं नाही. तो गेल्यावर तिनं ते 'प्रिंटर अपडेट' पुसलं, फोल्डर पुसलं आणि कॉम्प्युटर पुन्हा चालू केला.

आठवड्यानं मल्लप्पांचा निरोप आला: चूक झाली, परत ये. तिनं कळवलं, येते, पण पाळी बदलायच्या वेळेला. ती गेली आणि शेडच्या मधोमध जाऊन उभी राहिली. निम्मे कामगार तेच होते. मल्लप्पा जवळ आले आणि हळू म्हणाले, "माजिदा, माझ्याकडनं अन्याय झाला."

"माग चालू आहेत, मालक. मागच्यांना ऐकू गेलं नाही."

त्यांनी माग बंद करायला सांगितले. एकेक करत सगळे थांबले. मग ते मोठ्यानं बोलले, तिची काही चूक नव्हती, चोर दुसराच होता. बोलताना त्यांची मान खाली होती. माजिदानं पूर्ण ऐकलं. तिला वाटलं होतं की त्या क्षणी छातीवरचा दगड उतरेल. तसं काही झालं नाही. फक्त बरं वाटलं, आणि ते बरं वाटणं तिनं कुणापासून लपवलं नाही.

"उद्यापासून येतेस न्हवं?" मल्लप्पांनी विचारलं.

"नाही," ती म्हणाली आणि रिक्षा बघायला बाहेर पडली.