भावोजींचा डबा आणि भुरीचं पोट

आमच्या भावोजींना सगळी गल्ली डॉक्टर म्हणते. तो टोमणा आहे हे त्यांना आजतागायत कळलेलं नाही. उलट हाक ऐकली की छाती दोन बोटं पुढे येते. माणूस उभ्या आयुष्यात दवाखान्यात झाडू मारायलासुद्धा नव्हता. औषधांच्या गोदामात खोकी चढवायची, उतरवायची, वर चिकटपट्टी मारायची, एवढीच काय ती नोकरी. पण निवृत्त झाले आणि अंगात डॉक्टर संचारला.

त्यांच्याकडे बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा आहे. घरादारातल्या, शेजारपाजारच्या उरलेल्या गोळ्या त्यात. कुणाचा ताप उतरला, कुणाची दाढ काढली, कुणी गेलं, की हे दारात उभे. "उरल्यात का काही गोळ्या? टाकू नका हो, माझ्याकडे द्या." मेलेल्या माणसाच्या उशाखालून औषध उचलायलाही ज्याला लाज वाटत नाही, त्याला काय बोलणार, कपाळ?

घरी आणल्या की कात्री घेऊन बसायचं. पट्टीतली प्रत्येक गोळी सुटी कापायची आणि कडा बोचतात म्हणून कागद अगदी गोळीच्या अंगाबरोबर छाटायचा. नाव गेलं कचऱ्यात, तारीख गेली कचऱ्यात. मग रंगावरून वाट्या लावायच्या. पांढऱ्या पोटाच्या, गुलाबी दुखण्याच्या, पिवळ्या तापाच्या. मी एकदा विचारलं, "भावोजी, नावं नकोत का राहायला?" तर म्हणाले, "नावं नवशिक्यांना लागतात." घ्या!

माझी ताई, म्हणजे त्यांची बायको, गरीब गाय. सकाळी चहाच्या कपाशेजारी ते जी गोळी ठेवतील ती मुकाट्याने गिळायची. गुडघा दुखतो म्हणून गुलाबी. मी त्यांच्याच वरच्या मजल्यावर राहते, तेव्हा हे कौतुक मला रोज बघावं लागतं.

ताईला मूलबाळ नाही. भुरी हेच तिचं सगळं. तपकिरी रंगाची, एका कानाने पडकी, ताईच्या पायांत पायांत करणारी कुत्री. तिला एकदा सडकून जुलाब सुरू झाले. ताईचा जीव कासावीस. "अहो, जनावरांच्या दवाखान्यात नेऊ या ना."

"कशाला?" भावोजींनी डब्याचं झाकण उघडलंसुद्धा. "पोट ते पोट. तुझं काय नि तिचं काय."

पांढरी गोळी कुटून भातात घातली. जुलाब थांबले. झालं! स्वारी गल्लीभर मिरवून आली. दुसऱ्या दिवशी भुरी पाठीची कमान करून कण्हायला लागली. आता दुखतंय, तर दुखण्याची द्या. गुलाबी गेली पोटात, आणि ती काही एकदाच नाही. मग भुरीने खाणं सोडलं, उलट्या केल्या, आणि शी झाली ती डांबरासारखी काळीकुट्ट.

"मळ बाहेर पडतोय," भावोजी म्हणाले. "चांगलं लक्षण आहे."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी गाडी बोलावली, भुरीला चादरीत गुंडाळलं आणि ताईला आत बसवलं. भावोजी आपणहून पुढच्या सीटवर जाऊन बसले. जणू रुग्ण त्यांचाच.

दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी भुरीचं वजन केलं, हिरडी दाबून पाहिली. हिरडी पांढरीफटक. "घरी काही औषध दिलंत?"

"छे, छे!" भावोजींनी कानांवर हात ठेवले आणि भिंतीवरच्या मांजराच्या चित्राकडे बघायला लागले.

"नीट आठवून सांगा. माणसांची दुखण्यावरची गोळी पोटात असली आणि मी वरून चुकीचं काही टोचलं, तर ही टेबलावरून उठणार नाही."

"काही नाही म्हटलं ना!"

समोर कुत्री मरायला टेकलेली आणि या माणसाला स्वतःच्या नाकाची पडली होती. मी तोंड उघडणार, तेवढ्यात ताईच बोलली. "खोटं बोलतायत. पांढरी दिली. मग गुलाबी, चार-पाच वेळा."

"गुलाबी कसली? नाव काय?"

नवशिक्यांना लागतात ना नावं! भावोजी पुटपुटले, "दुखण्याची."

ताईने पर्समधून रुमाल काढला. "ही बघा. मला देतात रोज, गुडघ्यासाठी. आज घाईत घ्यायची राहिली."

डॉक्टरीणबाईंनी ती गोळी दिव्याखाली धरली. चुकून कागदाचा एक कोपरा छाटायचा राहिला होता, त्यावरची दोन-तीन अक्षरं त्यांना पुरली. हिने कुत्र्याच्या पोटात जखमा होतात, म्हणाल्या, आणि मूत्रपिंडंही जातात. काळी शी म्हणजे आतलं रक्त. जी घाण बाहेर पडत होती तीच पांढरीने आत कोंडली. शी तपासली तर निघाले साधे जंत. वजनाप्रमाणे त्यांचं औषध दिलं असतं तर भुरी कधीच उड्या मारत फिरली असती.

सलाइन लावून झाल्यावर त्या ताईकडे वळल्या. "ही गोळी तुम्ही रोज घेता? पोटात जळजळ होते?"

"होते ना, खूप," ताई म्हणाली. "त्यावर हे पांढरी देतात."

डॉक्टरीणबाईंनी पेन खाली ठेवलं. "बाई, मी जनावरांची डॉक्टर. पण तुम्ही इथून निघालात की सरळ माणसांच्या डॉक्टरकडे जा."

ताईने भावोजींकडे पाहिलं. इतक्या वर्षांत तिने त्यांच्याकडे असं पाहिलेलं मी कधी बघितलं नव्हतं. ते मांजराच्या चित्रातून मान काढायला तयार नव्हते.

भुरी वाचली. बाईंची औषधं, थोडं थोडं पाणी, मऊ भात, उकडलेलं कोंबडीचं मांस, असं करत हळूहळू उभी राहिली. ताईच्या पोटातही जखम निघाली. तिचेही उपचार सुरू आहेत, नाव लिहिलेल्या गोळ्यांनी. आणि आमचे डॉक्टर? "जुलाब तर मीच थांबवले होते," असं अजून गल्लीत सांगत फिरतात. निर्लज्जपणालाही काही सीमा?

परवा सकाळी मी खाली चहाला गेले होते. भावोजींनी डबा काढला. झाकण करकरलं आणि भुरी उठून पलंगाखाली गेली. त्यांनी सवयीने एक गुलाबी गोळी ताईच्या कपाशेजारी ठेवली.

ताईने चहा संपवला, कप उचलला आणि धुवायला आत निघून गेली. गोळी टेबलावर तशीच राहिली.