एकाच तारखेचे दोन अंगठे

काही प्रकरणं निवृत्तीनंतरही पिच्छा सोडत नाहीत. श्रीरामपूरच्या त्या अडलेल्या बांधकामाची घटना मला आजही आठवते, आणि आठवली की मिशीला पीळ द्यावासा वाटतो.

मी तेव्हा ठाण्याचा प्रभारी होतो. एक निवृत्त शिक्षिका तक्रार घेऊन आल्या. त्यांच्या घराचं काम स्लॅबपर्यंत येऊन थांबलं होतं. बाईंच्या पतीने मरणापूर्वी प्लॉटमधला दहा फुटी पट्टा आपल्याला वाटेसाठी लिहून दिला, असा करार शेजारच्या ऊसतोड ठेकेदाराने कोर्टात दाखवला होता आणि मनाई हुकूम मिळवला होता. बाईंचं अपील जिल्हा न्यायालयात पडून होतं. बाई भाड्याच्या खोलीत, आणि सळया गंजत चाललेल्या.

"बाई, हे दिवाणी प्रकरण आहे," मी ठाण्यातलं पाठ वाक्य म्हटलं.

"तेवढं मलाही कळतं, साहेब. पण ती सही माझ्या मिस्टरांची नाही. खोटी सही करणं पण दिवाणीच का?"

जन्मभर वर्गाला गप्प बसवत आलेला आवाज तो. मी निमूट अर्ज घेतला.

दोन दिवसांनी कोर्टाच्या आवारातल्या एका टंकलेखकाने आमच्या हवालदाराच्या कानात सांगितलं, "कागद दोन वर्सांचा जुना म्हनत्यात, पन म्या तर तो गेल्या दसऱ्याला टाईप केलाय."

नुसत्या सांगण्यावर गुन्हा सिद्ध होत नाही. मी कराराची नक्कल मागवली. साक्षीदार एकच, तिसगावजवळचा एक ऊसतोड मजूर, त्याचा अंगठा. तारीख दोन वर्षांपूर्वीच्या संक्रांतीची. इथेच मी थबकलो. दसऱ्यानंतर पाथर्डीकडची तरणी माणसं ऊसतोडीला लांबच्या कारखान्यांवर जातात, ती गावं म्हाताऱ्यांच्या भरवशावर असतात. कोयतेवाला संक्रांतीला श्रीरामपुरात काय करत होता?

पावसाळ्याचे दिवस होते, म्हणून तो घरीच सापडला. "व्हय, माझ्यासमोरच सही झाली," पढवलेला पोपट बोलला. मी आवाज चढवला नाही. घाबरलेला माणूस खोट्यालाच चिकटून बसतो, हे मी नोकरीत शिकलो होतो. त्याच्या मांडीवर एक पोरगी खेळत होती. तिचं वय विचारलं, तसा तो खुलला.

"संक्रांतीला दोन वर्साची झाली, साहेब. ती झाली तवा कोल्हापूरकडं कारखान्यावर हुतो आमी. बायको लई अडली, दवाखान्यात पोट फाडावं लागलं."

"ऑपरेशनच्या कागदावर अंगठा कोणाचा?"

"माझाच की!" तो म्हणाला, आणि त्याचा चेहरा पडला. मग रडतच सगळं ओकला. "ठेकेदार मालक म्हनले, अंगठा दे, न्हाईतर टोळीत घेनार न्हाई. मी काय करनार?"

आमचा माणूस कोल्हापूरला धावला. सरकारी रुग्णालयाच्या दप्तरात त्याच तारखेचा, त्याच माणसाचा अंगठा होता. तज्ज्ञांनी दोन्ही ठसे जुळवले. ठेकेदार चौकशीला आला तो रुबाबात. मी विचारलं, "हा मजूर त्या दिवशी कोल्हापूरला कोणाच्या ट्रॅक्टरवर होता?" ट्रॅक्टर ठेकेदाराचाच होता! वर्षानुवर्षं ज्यांना आपणच गावाबाहेर धाडतो, ती माणसं तेव्हा कुठे असतात याचा त्याला कधी विचारच करावा लागला नव्हता. त्याला अटक झाली. मजुराचा जबाब न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर नोंदवला, आणि ती कागदपत्रं बाईंच्या वकिलांनी अपिलात दाखल केली. मनाई हुकूम रद्द झाला.

स्लॅबच्या दिवशी मी साध्या कपड्यांत गेलो. मिक्सर घरघरत होता आणि बाई गवंड्यांना शाळेतल्यासारखं दटावत होत्या. खरं सांगतो, मला बदलीचा, बढतीचा इतका आनंद कधी झाला नाही. 'दिवाणी आहे' हे वाक्य पुष्कळदा कायद्याचं नसतं, आमच्या आळसाचं असतं, हे त्या बाईंनी मला शिकवलं. पुढे माझ्या ठाण्यात कागद पुरता वाचल्याशिवाय ते कोणाला उच्चारू दिलं नाही.

बाईंनी मला पाहिलं आणि हाताला धरून भिंतीच्या कडेला नेलं.

"इथे उभे राहा साहेब," त्या म्हणाल्या. "हेच ते दहा फूट. इथे माझं स्वयंपाकघर होणार."