उंडीच्या झाडाची तडजोड

मांडवीचं आमचं ठिकाण, घर आणि भोवतालची जागा, मी होडी चालवणाऱ्या एका तांडेलाकडून घेतलं. यजमान मुंबईला नोकरीत, बोट चालू असेल तेव्हाच येणार. म्हणून खरेदीखत माझ्या नावे झालं. लिहिणाऱ्याने नेहमीप्रमाणे झाडझाडोरा, दगडधोंडा यांसह असं लिहून वाचून दाखवलं, तांडेलाने अंगठा दिला आणि मी दोन्ही मुलींना घेऊन दिरांच्या घरातून तिथे राहायला आले. पावसाळा सरताच गुरं शिरू नयेत म्हणून चारी बाजूंनी जांभ्याचा गडगा घातला.

देवदिवाळी उलटली आणि समन्स आलं. फसवून अंगठा घेतला, विक्री रद्द करा, असा तांडेलाचा दावा. मला कळेना; व्यवहार चारचौघांदेखत झाला होता. पण निकाल विरुद्ध गेला तर मुलींसह पुन्हा जावेच्या चुलीपाशी उभं राहायचं होतं. मी वकील दिला.

एका तारखेला आमचा पुकारा होईना. कोर्टाच्या पडवीत एका टोकाला मी, दुसऱ्या टोकाला तांडेल आणि त्याची बायको. ऊन चढलं तशी ती सावलीबरोबर सरकत माझ्या शेजारी आली.

"वयनी, गडगा बरा चढवलात. किल्लाच जनू."

"गुरं शिरतात गो."

"गुरं ऱ्हायली भायेर, आनि आमचा राखनदार ऱ्हायला आत. उपाशी."

आमच्या ठिकाणाच्या मागच्या कोपऱ्यात उंडीच्या झाडाखाली शेंदूर लावलेला धोंडा होता. तो त्यांच्या घराण्याचा राखणदार, दर्यात जाणाऱ्यांना सांभाळणारा, हे मला तिच्याकडून तेव्हा कळलं. देवदिवाळीला त्याला कोंबडा द्यायचा; यंदा गडग्यापायी तो चुकला होता. जमीन विकली तरी देव विकला जात नाही, हे त्यांच्यात बोलून दाखवायची रीत नाही. म्हणून खत वाचलं तेव्हा तांडेल गप्प राहिला होता.

"मग दाव्यात हे का नाही लिहिलंत?"

"वकील म्हनलान, देवाचा कायदा न्हाय, फसवनूक लिवू. लिवलान."

"मला तरी सांगायचंस."

"तुमी बामनाच्या. कोंबड्याचं नाव काडलं तर विटाळ धरशाल."

"धरीनच," मी म्हटलं. "कोंबडा माझ्या अंगणातून न्यायचा नाही. मागे गडगा फोडून वाट करते, तिला वाशांचं बेडं लावते, तिकडून या, तिकडून जा. आणि पिसं उचलून न्यायची."

ती हसली. "आनि उंडी तोडायची न्हाय."

"नाही तोडत."

तिने नवऱ्याकडे पाहिलं. तोही मागोमाग सरकत आला होता आणि इतका वेळ समोर बघत सगळं ऐकत होता. त्याने होकाराची मान हलवली.

वकिलांनी तडजोडपत्र लिहिलं. मुन्सफ वाचता वाचता पिसांच्या कलमापाशी थांबले. हसले नाहीत. "दोघांना कबूल?" एवढंच विचारलं. त्या गंभीरपणाबद्दल मी त्यांची आजही ऋणी आहे. ते हसले असते तर तांडेल उठून गेला असता. ठिकाण माझ्याकडे राहिलं, धोंडा आणि तिथवरची वाट त्यांच्याकडे.

पुढच्या देवदिवाळीला मंडळी मागच्या बेड्यातून आली. मी मागच्या दारी भांडी घासत होते. तांडेल गाऱ्हाणं घालत होता: होड्या सांभाळ, पोरं सांभाळ. मध्येच त्याच्या बायकोचा आवाज आला, "आनि हितल्या वयनीला नि तिच्या लेकींना बी सांभाळ. तिचा घरवाला मुंबईस असतो."

"व्हय म्हाराजा," बाकीचे म्हणाले.

हे काही तडजोडपत्रात नव्हतं. मी भांडी तशीच ठेवली आणि चुलीवर त्या सगळ्यांपुरता चहा टाकला.

मुलींची लग्नं याच अंगणात झाली. बेड्याचे वासे कुजतात. दर देवदिवाळीआधी मी ते बदलून घेते.