नऊ मीटरच्या रस्त्याखालचा पऱ्या

या सदरात लिहिणाऱ्या बहुतेकांना रात्री काहीतरी दिसतं. माझं सगळं भर दुपारी झालं, आणि दिसलं तर काहीच नाही. त्यामुळे हे इथे बसतं की नाही ते तुम्हीच ठरवा. एक आधीच सांगते – मी देवळात जाते ती आईच्या समाधानासाठी, आणि अमावस्येला नारळ ओवाळून टाकणाऱ्यांना आजवर हसतच आलेय.

मी रत्नागिरीची. आयटीआय करून एका खाजगी ऑफिसात ड्राफ्ट्समन म्हणून लागले, त्याला अठरा वर्षं झाली. आमचं ऑफिस नकाशे करतं. शहर हातखंब्याच्या दिशेने पसरत चाललंय, तर त्या बाजूच्या वाड्यांचा सर्व्हे करून आराखड्यासाठी मूळ नकाशा द्यायचं काम आमच्याकडे आलं. जागेवर आज काय आहे ते त्यात दाखवायचं – घर, विहीर, गडगा, झाड, वाट. मग त्यावर मोठे लोक रस्ते आखतात.

आता आमच्या धंद्यातली गंमत ऐका. सर्व्हे नेहमी मे महिन्यात. पावसात मोजणीचं यंत्र बाहेर काढता येत नाही आणि पुढे दिवाळीपर्यंत गवत कमरेएवढं. म्हणजे ज्या गावात चार महिने पाणीच पाणी, त्याचा नकाशा ते ठणठणीत कोरडं असताना निघतो. चाकरमानी मेमध्ये येतात, आंबे खातात आणि गाव कळलं म्हणून परत जातात... तसंच आमचं.

वाडीचं नाव पिंपळकोंड समजा, खरं नाव देत नाही. वर कातळाचा सडा, म्हणजे उघडं खडकाळ पठार, खाली वीस-पंचवीस घरं, आणि मधून पऱ्या – म्हणजे ओढा. पावसात सड्यावरचं सगळं पाणी त्यातून खाली येतं. शिमग्यानंतर तो आटतो आणि मग लोक त्यातूनच ये-जा करतात. दोन्ही बाजूंना गडगे, म्हणजे दगड रचून केलेली कुंपणं, मध्ये बऱ्यापैकी सपाट, वर झाडांची सावली. कोणीही पाहुणा त्याला वाटच म्हणेल.

पऱ्याच्या काठावर पहिलं घर शेवंताकाकींचं. मुलगा विरारला, काकी एकट्या. अंगणात काजूबी वाळत घातलेली. आम्हाला पाणी आणि गुळाचा खडा दिला आणि मग माझ्या वहीकडे बोट केलं.

"ह्यो पऱ्या हाय हां, वाट न्हाय. आमी उन्हाळ्यात चालतो म्हनून वाट. श्रावनात ये, रेडा उतरत न्हाय हितं. नीट लिव."

"लिहिते हो काकी," मी म्हटलं. आम्ही सगळ्यांनाच तसं म्हणतो.

एक वाजला असेल. यंत्रावर आमचे सर्व्हेअर प्रकाशदादा होते, वीसेक पावलांवर. मी पऱ्याच्या मधोमध उभी राहून नोंदी करत होते. पायांना गार लागलं. नुसतं गार नाही – ओढ होती. सँडलखालची वाळू सरकायला लागली, पिंडऱ्यांना मागून रेटा बसायला लागला. मी घाबरून गडगा धरला आणि खाली बघितलं. खाली वाळकी पानं. एकही पान हलत नव्हतं. आवाज नाही, ओल नाही, काही नाही. आणि मला पाय उचलता येत नव्हता.

मिनिट-दोन मिनिटं गेली असतील... मग सुटले. सलवार गुडघ्यापर्यंत भिजलेली, खाली लाल पाणी ठिबकतंय.

"बाटली सांडलीत काय मॅडम?" प्रकाशदादा जवळ येत म्हणाले. बाटली पिशवीत होती, बूच बंद, भरलेली. दादांनी वाकून जमिनीला हात लावला. बोटांना धूळ लागली. त्यांनी यंत्र पेटीत घातलं आणि म्हणाले, "चला, जेवून घेऊ."

काकींनी माझे पाय बघितले आणि दोरीवरचं जुनं लुगडं पुसायला दिलं. चेहऱ्यावर आश्चर्य म्हणून नाही. "पऱ्यानं दाखवलान तुला," त्या म्हणाल्या. "आता तरी लिवशील ना?"

मी ऑफिसात सांगायचा प्रयत्न केला, नाही असं नाही. साहेबांना म्हटलं, सर, हा पऱ्या आहे, वाट नाही. साहेब म्हणाले, "नाला दाखवला तर दोन्ही बाजूंना जागा सोडावी लागते. मग रस्ता काय आकाशातून न्यायचा? फोटोत पाणी आहे का?" फोटोत पाणी नव्हतं. मी काय सांगणार होते, माझी सलवार भिजली म्हणून? मी तुटक रेघ मारली आणि लिहिलं – 'पायवाट'. अस्तित्वातली वाट म्हटली की ती रुंद करणं सोपं. आराखड्यात त्या रेघेचा नऊ मीटर रस्ता झाला.

हरकती मागवल्या, सुनावणी लागली, सर्व्हे केला म्हणून आम्हालाही बोलावलं. काकी एसटीने आल्या, कोणाकडून तरी लिहून घेतलेला अर्ज घेऊन. चार वाक्यं होती. अधिकाऱ्यांनी वाचला. मग काकी माझ्याकडे हात करून म्हणाल्या, "ह्या बायला ठाव हाय. हिचे पाय भिजले व्हते. विचारा हिला."

अधिकारी भले होते, त्यांनी खरंच विचारलं. "मॅडम, सर्व्हेला तुम्ही होतात. पाणी होतं का तिथे?"

साहेब माझ्या शेजारी बसले होते.

"नाही सर," मी म्हटलं.

अर्जावर शेरा पडला, हरकतीत तथ्य आढळत नाही. काकी उठल्या. पिशवी उचलून गेल्या. मी घरी जाताना स्वतःची समजूत घातली की डोळ्यांनी तर काही बघितलं नव्हतंच. माणूस स्वतःशी किती हुशारीने बोलतो.

रस्त्याच्या कामाला मात्र सगळं रीतसर झालं. वाडीच्या राखणदार देवाला गाऱ्हाणं घातलं, नारळ दिला, ठेकेदाराने चपला काढून हात जोडले. राखणदाराला मानणारी ही माणसं, पण पाणी जायला एक मोरी घालावी असं कोणाला वाटलं नाही. नकाशात पाणीच नव्हतं, मोरी कशाला? पऱ्यात मुरूम भरला, वर डांबर.

पुढच्या जुलैत सड्यावरचं पाणी आलं, ते रस्त्यावरून सरळ काकींच्या अंगणात वळलं. मागची भिंत गेली, मग छप्पर बसलं. काकी वरच्या घरी झोपायला गेल्या होत्या म्हणून वाचल्या. घर राहिलं नाही. मुलगा येऊन त्यांना विरारला घेऊन गेला. मी जाऊन बघितलं... डांबर अर्ध्याहून जास्त उखडलेलं आणि पऱ्या आपल्या जागेवरून वाहत होता.

त्या मे महिन्यात माझ्या पायांना काय लागलं, मला आजही माहीत नाही. झरा म्हणाल तर जमीन कोरडी होती. उन्हाने भास झाला म्हणाल तर भास पिळता येत नाही. मी सलवार पिळली होती. प्रकाशदादा हा विषय काढत नाहीत, काढू देत नाहीत.

गणपतीत मी धीर करून काकींना फोन केला. मुलाने दिला. आधी तब्येत, मग आमच्याकडचा पाऊस. मग त्यांनीच विचारलं, शांतपणे.

"पोरी, पानी लागलं व्हतं ना गं तुज्या पायाला?"

"हो काकी."

"मंग तवा का न्हाय सांगितलंस?"

पाण्याचं कारण मला अजून सापडलेलं नाही. तेव्हा न सांगण्याचं कारण होतं माझ्याकडे, अगदी साधं, पण ते त्यांना सांगता येईना. मी फोन कानाला धरून बसले. काकी म्हणाल्या, "बरं, ठेव. बिल व्हत असंल तुजं."