वाफशाआधीची पेरणी

पुण्याजवळच्या आमच्या चिखलीच्या शाळेत पाचवीचा कार्यानुभवाचा तास गुरुवारी असतो. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढचा सगळा घोळ त्या गुरुवारापायी झाला.

शाळेच्या मागे, भिंतीलगत, चार-पाच दुचाकी उभ्या राहतील एवढी मोकळी जमीन होती. बाकी आवारात सगळीकडे पेव्हिंग ब्लॉक. शाळा बांधली ती जागा कधीकाळी आमच्या शिपाईमामांच्या भावकीचं शेत होतं आणि आता त्याच शेतावर मामा घंटा द्यायचे. उरलेल्या तुकड्यावरही ब्लॉक घालून पार्किंग करायचं, असं मुख्याध्यापिकांच्या मनात होतं. मी भांडून तिथे परसबाग मागून घेतली. त्यांनी अट घातली. एका कंपनीचे पाहुणे देणगी देण्याआधी शाळा बघायला येणार होते, त्या दिवशी तिथे काहीतरी हिरवं दिसलं पाहिजे. नाही दिसलं, तर ब्लॉक. मामांना हे सांगितलं. दुसऱ्या दिवशी ते घरून कुदळ घेऊन आले.

दिवाळीची सुट्टी नुकतीच संपली होती. काळी जमीन वाळून टणक झालेली, म्हणून बुधवारी मुलांनी पाइप लावून ती मनसोक्त भिजवली. गुरुवारी माझी पाचवी खुरपी घेऊन हजर. मामांनी वाकून मूठभर माती उचलली, दाबली आणि मूठ उघडली. गोळा तसाच राहिला, बोटांना चिकटून.

"बाई, आज न्हाई. वाफसा आला न्हाई अजून. तीन दिस थांबा."

वाफसा हा शब्द मला ठाऊक नव्हता असं नाही. पाणी मुरल्यावर माती फार ओलीही नसते आणि कोरडीही नसते, ती पेरणीची नेमकी वेळ. पण माझे वडील बँकेत, मी वाढले पुण्यात. शब्द कानावरून गेला होता, हाताखालून कधी गेला नव्हता. शिवाय तीन दिवसांनी रविवार. पुढचा तास आठवड्याने. पाहुणे पंधरा दिवसांनी. आज मेथी पडली तर तोवर बोटभर होईल, असा माझा हिशेब होता. मी मामांना म्हटलं की शाळेचं वेळापत्रक मातीला विचारून लावत नाहीत. मुलं हसली. मला माझा टोमणा आवडलाही होता, हे कबूल करते.

चाळीस मुलांनी तो चिखल खणला, तुडवला आणि त्यात मेथी पेरली. दुपारी वर्गात नेमका बी रुजण्याचा धडा होता. बी रुजायला काय लागतं? हवा, पाणी, ऊब. मुलांनी एका सुरात सांगितलं, मी फळ्यावर लिहिलं. सकाळी चाळीस जोडी पायांनी त्या मातीतली हवा आपणच काढून टाकली, हे माझ्या डोक्यात आलं नाही.

पाच दिवसांत वरचा थर विटेसारखा झाला. भेगा पडल्या, पण मेथी काही वर आली नाही. उकरून पाहिलं तर बी सडलेलं. शाळा सुटल्यावर मामा रोज एकटेच ढेकळं फोडत बसायचे. मला त्यांनी एका शब्दाने बोल लावला नाही आणि त्याचाच मला जास्त राग यायचा.

रागातच मी मुलांना गृहपाठ दिला, वाफसा म्हणजे काय ते घरी विचारून या. वह्या भरून आल्या. लातूरकडच्या एका मुलीचे वडील चाकणच्या कंपनीतून रात्रपाळी करून आले आणि न झोपता तिला कणकेचा गोळा दाबून सगळं समजावत बसले. इथे घरोघरी असे शेतकरी राहतात आणि मी शेती शिकवायला पुस्तक उघडत होते. काखेत कळसा नि गावाला वळसा. मला लाज वाटली.

पाहुणे आले, ढेकळं बघून पुढे गेले. आठवड्याने ब्लॉकची गाडी आली. त्याआधी मामांनी रंगाच्या रिकाम्या बादल्या गोळा केल्या, त्यांना खाली भोकं पाडली, जमेल तेवढी माती भरली आणि गच्चीवर नेऊन ठेवली. अकरा बादल्या. त्यांच्या शेताचं तेवढंच उरलं.

मामा गेल्या वर्षी निवृत्त झाले. यंदा गुरुवारच्या तासाला मी मुलांना घेऊन गच्चीवर गेले. बादल्या मंगळवारीच भिजवल्या होत्या. मुलं विचारू लागली, आज पेरायचं का? मी मातीचा गोळा करून खाली टाकला. वाफसा आला की गोळ्याचा भुगा होतो; याचे नुसते दोन तुकडे झाले. मला ठरवता येईना. शेवटी मामांना फोन लावला. माती हाताला चिकटते का, त्यांनी विचारलं. थोडी चिकटते, म्हटलं.

"मग उद्या पेरा."

उद्या शुक्रवार, म्हणजे गणिताचा तास. बरं, म्हटलं. फोन ठेवायच्या आधी मात्र इतकी वर्षं अडलेलं बोलून टाकलं, "मामा, त्या गुरुवारी तुमचं ऐकायला हवं होतं."



"व्हय," मामा म्हणाले. "ऐकाया पायजे व्हतं." मग म्हणाले, "पोरास्नी सांगा, माती तुडवू नगा."

बादलीत तुडवायला जागा कुठली. तरी मी मुलांना सांगितलं.