काळ्या केसांचं रासायनिक नाव

स्वेच्छानिवृत्ती घेतली तेव्हा माझे अर्ध्याहून अधिक केस पांढरे होते आणि त्याबद्दल माझी काही तक्रार नव्हती. पिंपरीच्या बाजूला एका कारखान्यात मी स्टोअर्स सांभाळत होतो. गाड्यांना लागणारे काळे रबरी भाग तिथे बनत. बाहेरच्या कंपन्या देशात यायला लागल्या, तसा आमचा माल जुना ठरला आणि एक दिवस नोटीस बोर्डावर योजना लागली. स्वेच्छा नेमकी कुणाची, हे विचारायची पद्धत नव्हती. मी सही केली आणि नारायण पेठेतल्या घरी येऊन बसलो.

बसणं मला जमलं नाही, आणि बायकोला त्याहून कमी जमलं. पन्नाशीला अजून अवकाश होता. शेजारच्या मुलाने सांगितलं की त्याच्या सॉफ्टवेअर कंपनीला ॲडमिनसाठी माणूस हवा आहे. बसगाड्या, कँटीन, साफसफाई, स्टेशनरी, सगळं बघणारा. संगणक नाही आला तरी चालेल.

"अहो, पण तिथे सगळी पंचविशीतली मुलं," बायको म्हणाली. "तुम्हाला बघून उठून उभी राहतील. केस काळे करून जा."

"उभी राहिली तर वाईट काय?"

"नोकरी देणारा उभा राहिला म्हणजे तो निरोप द्यायला उभा राहतो."

मी कोपऱ्यावरच्या सलूनमध्ये गेलो. आमचा न्हावी माझ्याच वयाचा, माणूस कमी बोलणारा. त्याने एक पुडी फोडली, वाटीत पाण्यात कालवली आणि ब्रशने डोक्याला फासली. पुडीतून एक घडी घातलेला कागद निघाला होता, तो त्याने न उघडता केराच्या डब्यात टाकला. मीही विचारलं नाही. अर्ध्या तासाने आरशात एक ओळखीचा पण जरा लबाड दिसणारा माणूस बसला होता. कानामागे थोडी खाज आली, ती दोन दिवसांत गेली.

मुलाखत चांगली झाली. मनुष्यबळ विभागात एक मुलगी होती, अमरावतीकडची. तिने माझे कागद घेतले, ओळखपत्रासाठी तिथल्या तिथे माझा फोटो काढला आणि पुढच्या महिन्यात रुजू व्हा म्हणाली. तोवर मुळांशी पांढरं दिसायला लागलं होतं. रुजू व्हायच्या आदल्या आठवड्याच्या शेवटी मी पुन्हा सलूनमध्ये गेलो. तीच पुडी, तीच वाटी.

त्या रात्री डोक्याची आग झाली. सकाळी कपाळ जड झालं, संध्याकाळपर्यंत पापण्या सुजल्या. सोमवारी, म्हणजे ज्या दिवशी मला कामावर जायचं होतं त्या दिवशी, माझे दोन्ही डोळे उघडत नव्हते. टाळूवरून पाणी झिरपत होतं आणि कान पुरीसारखे फुगले होते. बायकोने कंपनीत फोन केला. पलीकडून ती अमरावतीची मुलगी म्हणाली, "मॅडम, काही टेन्शन घेऊ नका. सरांना बरं वाटलं की येऊ देत, फक्त मेडिकल सर्टिफिकेट लागेल." फोन ठेवल्यावर बायको माझ्या कपाळावर ओल्या फडक्याच्या घड्या ठेवत बसली. केस काळे करायला तिने सांगितलं होतं, हे तिच्या मनात होतं. मी ते बोललो नाही. बोलायला ओठही धड हलत नव्हते.

लक्ष्मी रस्त्याजवळ एक त्वचारोगाच्या डॉक्टर होत्या. वयस्कर, बारीक अंगाच्या आणि शब्दांना अतिशय महाग. त्यांनी माझ्याकडे दारातूनच पाहिलं.

"कलप कधी लावला?"

"शनिवारी."

"पहिल्यांदा?"

"दुसऱ्यांदा."

"पहिल्यांदा काही झालं नाही?"

"कानामागे जरा खाजलं."

"म्हणजे झालं होतं," त्या म्हणाल्या आणि लिहायला लागल्या. गोळ्या दिल्या, मलम दिलं आणि केस अगदी बारीक कापून टाकायला सांगितलं. "कशामुळे झालं ते मला माहीत आहे. पण तपासून सांगते. सूज पूर्ण उतरली, गोळ्या थांबल्या, की मग या."

पंधरवड्याने मी कामावर रुजू झालो. डोक्यावर पांढऱ्या खुंटांशिवाय काही नव्हतं. दारावरचा सुरक्षारक्षक ओळखपत्रावरच्या फोटोकडे आणि माझ्याकडे आळीपाळीने बघत राहिला.

"हे कोण?" त्याने विचारलं.

"मीच."

"आजारी होतात का?"

"नाही. तेव्हा काळा होतो."

त्याला ते पटलं नाही. शेवटी त्या मुलीला खाली बोलवावं लागलं. ती हसली नाही, याबद्दल मी तिचा आजही ऋणी आहे. "सर, फोटो नवीन काढून घेऊ," एवढंच म्हणाली. ज्या केसांसाठी मी एवढा त्रास करून घेतला होता, त्यांच्याबद्दल त्या इमारतीत कुणीही कधी काही विचारलं नाही. उलट बसचे ड्रायव्हर आणि कँटीनवाले माझं पहिल्या दिवसापासून ऐकायला लागले. पांढऱ्या डोक्याच्या माणसाशी हुज्जत घालायची त्यांना सवय नव्हती.

महिनाभराने मी तपासणीला गेलो. पाठीवर चिकटपट्ट्यांच्या रांगा लावल्या. प्रत्येक पट्टीखाली एकेका पदार्थाचा ठिपका. दोन दिवस आंघोळ नाही, घाम येईल असं काम नाही. पट्ट्या काढल्यावर डॉक्टरांनी पाठ पाहिली, "परवा पुन्हा या," म्हणाल्या, आणि त्या दिवशी पुन्हा पाहून खुर्चीत बसल्या.

"पॅरा-फेनिलीनडायअमीन," त्या म्हणाल्या. "म्हणा."

मला वाटलं, मी ऐकण्यात चुकलो. "मी म्हणू?"

"तुम्हीच. आयुष्यभर हे नाव तुम्हाला बरोबर ठेवायचं आहे. डबीवर कंपनी स्वतःचं नाव मोठं लिहिते आणि हे बारीक. तुम्हाला बारीक वाचायचं आहे. आणि कुठलाही डॉक्टर भूल द्यायला लागला किंवा सल्फाचं औषध लिहायला लागला, तर आधी हे सांगायचं. म्हणा."

मी म्हटलं. फेनिलीनपर्यंत गेलो आणि अडकलो. शाळेत बाराखडी चुकलेल्या मुलाकडे बघावं तसं त्यांनी पाहिलं, आणि मग नाव फोडून सांगितलं. सहा जण गोल करून बसलेत असं समजा. ते कडं म्हणजे फेनिलीन. अमीन म्हणजे अमोनियाचा एक तुकडा, त्याला टोपी समजा. डाय म्हणजे दोन, तेव्हा दोन टोप्या. आणि पॅरा म्हणजे त्या दोन टोप्या शेजारीशेजारी नाहीत, अगदी समोरासमोरच्या माणसांच्या डोक्यावर आहेत.

"एवढंच?" मी विचारलं.

"एवढंच. एवढं लहान आहे म्हणून तर केसाच्या आत शिरतं. आत गेल्यावर दुसऱ्या औषधाशी संयोग होऊन मोठं होतं, काळं होतं, आणि बाहेर येऊ शकत नाही. म्हणून धुतलं तरी जात नाही. पण जे केसात शिरतं ते कातडीतही शिरतं. बहुतेकांचं शरीर दुर्लक्ष करतं. तुमचं करत नाही."

नंतर त्यांनी पाठीवरच्या दुसऱ्या एका ठिपक्याबद्दल विचारलं. "तुम्ही काम काय करत होतात?"

मी सांगितलं.

"रबर. काळं?"

"हो."

"हात खाजायचे?"

माझे हात पंधरा-वीस वर्षं खाजत होते. बोटांच्या बेचक्यांत भेगा पडायच्या, हिवाळ्यात रक्त यायचं. कारखान्याचे डॉक्टर व्हॅसलीन लावा म्हणायचे. बायकोने साबण बदलून पाहिले, भांडी घासायचा नारळाचा काथ्या बदलला, वांगी बंद केली, एका वर्षी गुरुवार धरले. घरी बसल्यापासून हात बरे होत चालले होते, ते आम्ही दोघांनीही विश्रांतीच्या खात्यावर टाकलं होतं.

काळं रबर उन्हावाऱ्याने तडकू नये म्हणून त्यात याच कुळातला एक पदार्थ घालतात, असं डॉक्टरांनी सांगितलं. त्याचं नाव तर आणखी लांब. एन-आयसोप्रोपिल-एन-फेनिल-पॅरा-फेनिलीनडायअमीन. शेवटचं सगळं तेच, पुढे दोन आडनावं जोडलेली. "त्या रबराने तुमचं शरीर आधीच चिडलेलं असणार," त्या म्हणाल्या. "कलप नंतर आला." हे नाव मात्र त्यांनी माझ्याकडून म्हणवून घेतलं नाही.

घरी येताना मी लक्ष्मी रस्त्यावरच्या एका दुकानात शिरलो आणि कलपाच्या डब्या एकेक करून चष्मा लावून वाचल्या. बहुतेकांवर ते नाव होतं. पानंफुलं काढलेल्या, 'नैसर्गिक काळी मेंदी' म्हणवणाऱ्या एका डबीवरही होतं, अगदी तळाशी. डबी उघडून पाहिली, तर आतल्या घडीच्या कागदावर मराठीतसुद्धा छापलं होतं की आधी थोडं लावून त्वचेवर परीक्षा करावी.

"घ्यायचंय की वाचायचंय?" दुकानदाराने विचारलं.

"वाचायचंय."

"मग वाचनालय पुढच्या चौकात आहे."

मी डबी ठेवली आणि निघालो. सलूनमध्ये जाऊन न्हाव्याला सगळं सांगितलं. त्याने ऐकून घेतलं, आणि त्यानंतर मी जेव्हा जेव्हा गेलो तेव्हा तो नव्या गिऱ्हाइकाच्या कोपराच्या आत थोडा कलप लावून, उद्या या म्हणून सांगताना दिसला. त्यातली निम्मी गिऱ्हाइकं दुसऱ्या सलूनमध्ये गेली, असं त्याने एकदा कोरडेपणाने मला ऐकवलं.

माझ्या मनात मात्र वेगळंच चाललं होतं. कारखान्यात माझा एक मित्र होता. प्रेसवर काम करायचा, म्हणजे साच्यातून गरम रबर हाताने ओढून काढायचा. त्याचे हात माझ्याहून वाईट होते. जेवताना तो चमच्याने भात खायचा आणि लोक त्याला साहेब म्हणून चिडवायचे. त्याने योजना घेतली नव्हती, अजून कामावर होता. मार्केट यार्डच्या मागे राहायचा. एका रविवारी मी त्याच्याकडे गेलो.

त्याने माझं डोकं पाहिलं. "तिरुपतीला गेला होतास?"

मी सगळी हकिगत सांगितली, कडं आणि टोप्यांसकट. त्याच्या बायकोने चहा आणला आणि दारातच ऐकत उभी राहिली. मी म्हटलं, "तू एकदा तपासून घे. पाठीवर पट्ट्या लावतात, बाकी काही नाही."

त्याने आपले हात समोर धरले. भेगांत काळं बसलं होतं.

"आणि समजा निघालं तेच. मग?"

"मग साहेबांना सांग. दुसऱ्या खात्यात देतील."

"कुठलं दुसरं खातं? पॅकिंग बंद झालं, स्टोअर्स संगणकावर गेलं. आजारी माणूस म्हटलं की ते पुढची योजना माझ्याच हातात ठेवतील." त्याने कप उचलला. "तुला नाव कळलं, चांगलं झालं. मला नाव कळून माझा हप्ता कोण भरणार?"

त्याची बायको आत निघून गेली. आम्ही थोडा वेळ कांद्याच्या भावाबद्दल बोललो आणि मी बसने परत आलो. नाव सांगितलं की काम झालं, असं डॉक्टरांच्या दवाखान्यात वाटलं होतं. स्वारगेटला उतरून चालत घरी येताना ते तसं वाटेना.

तो काही तपासणीला गेला नाही. वर्ष-दीड वर्षाने कारखाना बंदच झाला. मग तो मार्केट यार्डात एका आडत्याकडे हिशेब लिहायला लागला. पुढच्या दिवाळीला फराळाला आला तेव्हा त्याने हाताने चिवडा खाल्ला. माझ्या बायकोने ते पाहिलं आणि मला डोळ्यांनी दाखवलं. लाडू घेताना तो स्वतःच म्हणाला, "तुझ्या डॉक्टरीणबाई बरोबर होत्या म्हणायच्या." आणि लगेच मुलीच्या लग्नाचा विषय काढला.

त्या लग्नाच्या दोन दिवस आधी मी ऑफिसात होतो. बसच्या वेळांवरून ड्रायव्हरांची मीटिंग चालू होती. त्याचा फोन आला.

"ते नाव सांग रे."

"कुठलं?"

"ते तुझं. पॅरा का काय. मेंदीवाली आलीय. ती दोन प्रकारचे कोन घेऊन बसलीय, एक हिरवा, एक काळा. काळा म्हणे अर्ध्या तासात रंगतो. मी विचारलं यात काय आहे, तर म्हणते मेंदी आहे. मेंदी कधी काळी रंगते का?"

"नाही रंगत."

"तेच म्हटलं मी. आता तिला नीट नाव घेऊन विचारतो, नाहीतर ती मला येडा समजेल. सांग."

मी ड्रायव्हरांना थांबायला सांगितलं आणि नाव तोडून तोडून म्हटलं. पॅरा. फेनिलीन. डायअमीन. तो पलीकडे माझ्यामागून म्हणत होता. एकदा चुकला, पुन्हा म्हणाला. मग फोन तसाच हातात धरून त्याने ते मोठ्याने कुणाला तरी विचारलेलं मला ऐकू आलं. त्यावर बायकांचा गलका झाला.

नंतर कळलं ते असं. मेंदीवालीला ते नाव माहीत नव्हतं. कोन ती कुठून तरी तयार विकत आणायची. पण त्याने काळे कोन बाजूला ठेवायला लावले आणि हिरव्यानेच मेंदी काढून घेतली. मुलगी रुसली, कारण तिच्या मैत्रिणीच्या लग्नात काळी होती. शिवाय हिरवी रात्रभर ठेवावी लागली आणि तिला नीट झोपता आलं नाही.

लग्नाला आम्ही दोघं गेलो होतो. मेंदी चांगली लालसर रंगली होती, पण बायकोच्या मते कोपराकडे जरा फिकी होती. ते तिने मला परतीच्या रिक्षात सांगितलं, तिथे नाही.